पक्ष काढणारा तुरुंगात, शरण आलेला लेफ्टनंट जनरल: फुन्त्सोक वांग्याल यांच्या कारकिर्दीची पार्श्वभूमी

तिबेट स्वायत्त प्रदेशाचा अध्यक्ष तिबेटीच असतो. चीनच्या 1982 च्या राज्यघटनेतलं 114 वं कलमच तसं सांगतं. स्वायत्त प्रदेशाचा शासनप्रमुख हा तिथली स्वायत्तता ज्या समाजाच्या नावानं आहे त्या समाजातलाच हवा. कम्युनिस्ट पक्षाच्या सचिवपदाबद्दल घटना गप्प आहे आणि खरी सत्ता नेमकी त्या खुर्चीत आहे. 1965 मध्ये प्रदेश स्थापन झाल्यापासून एकही तिबेटी तिथं बसलेला नाही. वू जिंगहुआ (1985-88) हे यी या अल्पसंख्य समाजाचे, बाकी सगळे हान, म्हणजे चीनमधल्या बहुसंख्य समाजाचे. म्हणून ल्हासात नवे अध्यक्ष आले अशी बातमी वाचली की जाणकार आधी सचिव कोण ते बघतात.

ही विभागणी कशी पडली हे बघायचं तर फुन्त्सोक वांग्याल या तिबेटी कम्युनिस्टापासून सुरुवात करावी लागते. फुनवांग हे त्यांचं रूढ नाव, आणि मागे लागणारं 'बापा' म्हणजे बाथांगचा. 1922 साली खाम या पूर्वेकडच्या तिबेटी मुलखातल्या बाथांगला जन्म. हा भाग आज सिच्वान प्रांतात आहे, आणि तेव्हाही तो ल्हासाच्या नव्हे तर चिनी लष्करी सरदारांच्या ताब्यात होता. चांग काय-शेकच्या सरकारनं सीमाभागातल्या मुलांसाठी काढलेल्या शाळेत ते शिकले आणि तिथंच लेनिनचं राष्ट्रीयतांच्या स्वयंनिर्णयावरचं लिखाण त्यांच्या हाती पडलं. 1939 मध्ये त्यांनी मूठभर मित्रांना घेऊन गुप्तपणे तिबेटी कम्युनिस्ट पक्ष काढला. पुढल्याच वर्षी शाळेतून हकालपट्टी झाली.

या पक्षाची मागणी दोन पदरी होती. सरदार आणि मठांची वतनदारी मोडायची, आणि खाम, ईशान्येकडचा आम्दो व मध्य तिबेट मिळून एक तिबेट उभा करायचा. पहिल्या मागणीमुळे ते ल्हासाला नकोसे झाले आणि दुसरीमुळे पुढे बीजिंगला. मदत मागायला ते चुंगकिंगच्या सोव्हिएत वकिलातीत गेले, ल्हासाच्या मंत्र्यांकडे गेले, कलकत्त्यात भारतीय कम्युनिस्टांनाही भेटले. कुठंच फारसं काही हाती लागलं नाही. जुलै 1949 मध्ये ल्हासा सरकारनं त्यांना हद्दपार केलं आणि ते भारतमार्गे माघारी गेले. चिनी कम्युनिस्ट पक्षानं त्यांना जवळ केलं ते एका अटीवर: वेगळा पक्ष ठेवता येणार नाही, विलीन व्हा. ते झाले. स्वतःचा पक्ष बुडवून मोठ्या पक्षात जाताना मागण्याही आपोआप बरोबर येतील असं त्यांनी धरलं होतं. तो हिशेब चुकला.

ऑक्टोबर 1950 मध्ये चिनी फौजा द्रिचू नदी (यांगत्सेचा वरचा प्रवाह) ओलांडून आल्या. पूर्व तिबेटमधल्या छाम्दोचा गव्हर्नर होता ल्हासाच्या मंत्रिमंडळातला सरदार न्गाबो न्गावांग जिग्मे. पंधरवड्याच्या आत छाम्दो पडलं आणि न्गाबो शरण आले. पुढच्या वर्षी हेच न्गाबो तिबेटी शिष्टमंडळाचे प्रमुख म्हणून बीजिंगला पोचले आणि वाटाघाटींत दुभाष्या होते फुनवांग. 23 मे 1951 रोजी तिबेटला चीनचा भाग ठरवणारा सतरा कलमी करार झाला. पाच तिबेटी प्रतिनिधींसाठी शिक्के बीजिंगमध्येच कोरले गेले. ते त्यांच्या व्यक्तिगत नावांचे होते, दलाई लामांच्या सरकारचे नव्हेत. 'खोटे शिक्के' हा पुढं चाललेला वाद त्यातूनच आला.

दुभाष्याचं काम इथं शब्दाला शब्द ठेवण्याइतकं सरळ नव्हतं. जुन्या तिबेटीत चीनला 'ग्यानाक' म्हणतात, आणि ग्यानाक म्हटलं की त्यात तिबेट येतच नाही. 'तिबेट ग्यानाकचा भाग आहे' हे वाक्य तिबेटी कानाला 'मुंबई गुजरातची आहे' इतकं विचित्र लागतं. म्हणून सरकारी तिबेटीत 'चुंगक्वो' या चिनी शब्दावरून 'त्रुंगगो' रुळवण्यात आला आणि त्याच्या पोटात ग्यानाकही बसवलं, तिबेटही. 'रांगझेन' म्हणजे स्वातंत्र्य आणि 'रांगक्योंग' म्हणजे स्वायत्तता. आरंभीचं 'रांग', म्हणजे 'स्व', दोन्हींत एकच. पुढच्या अक्षरांवर माणूस तुरुंगाच्या आत किंवा बाहेर ठरतो.

करारातलं चौथं कलम तिबेटची राजकीय व्यवस्था आणि दलाई लामांचा दर्जा बदलणार नाही असं सांगतं. अकराव्यात सुधारणांसाठी सक्ती करणार नाही असं वचन आहे. हे सगळं लागू होतं फक्त ल्हासाच्या अखत्यारीतल्या प्रदेशाला. पूर्व खाम आणि आम्दो बाहेर राहिले. सगळा घोळ पुढं इथूनच झाला. 1955-56 मध्ये सिच्वानमध्ये जमीनसुधारणा रेटल्या गेल्या, खाममध्ये उठाव झाला, लिथांगच्या मठावर विमानांतून बाँब पडले आणि निर्वासितांचे लोंढे ल्हासाकडे निघाले. करार कागदावर शाबूत राहिला, पण ज्या गावात तो चालायचा त्याच गावात त्याच्यावरचा विश्वास संपला.

फुनवांग तोवर शिखरावर होते. सप्टेंबर 1951 मध्ये चिनी फौजेच्या आघाडीच्या तुकडीबरोबर ते ल्हासात शिरले. तिबेट कार्य समिती ही तिथली पक्षाची खरी कचेरी, आणि तिच्या वरच्या वर्तुळातले ते एकमेव तिबेटी. 1954-55 मध्ये दलाई लामा बीजिंगला गेले तेव्हा माओंच्या भेटीत दुभाषी तेच. तरुण दलाई लामांना तेव्हा पक्षात यावंसं वाटत होतं. घाई करू नका, हा सल्ला फुनवांग यांचा.

त्यांची अडचण पदात नव्हती, पदाखाली काही नसण्यात होती. समितीत दोन गट होते. पक्षाच्या नैर्ऋत्य ब्युरोकडून (विभागीय कार्यालयाकडून) आलेले झांग ग्वोहुआ सबुरीनं चालणारे, वायव्येकडून आलेले फान मिंग घाईचे आणि दलाई लामांखालोखाल मान असलेल्या पंचेन लामांच्या बाजूचे. प्रत्येकामागे सैन्य होतं, ब्युरो होता, बीजिंगमध्ये ऐकणारं माणूस होतं. फुनवांगांकडे दोन भाषा आणि दोन्हीकडची ओळख. दोन्ही बाजूंना तुमची गरज असते तोवर ते भांडवल चालतं. गरज संपली की दोन्हीकडे ओळख असणं हाच संशय.

1957 मध्ये उजव्यांविरुद्धची मोहीम सुरू झाली आणि अल्पसंख्य भागांत तिचं रूप 'स्थानिक राष्ट्रवादा'विरुद्धची मोहीम असं झालं. 1958 मध्ये फुनवांगांना विचार शुद्ध करायला सांगण्यात आलं. 1960 मध्ये अटक झाली आणि बीजिंगजवळच्या छिनछंग या राजकीय कैद्यांच्या तुरुंगात त्यांना एकांतवासात टाकलं. तिथं ते 1978 पर्यंत, म्हणजे 18 वर्षं होते. पत्नी त्सिलीला या ल्हासाच्या तिबेटी मुसलमान. सांस्कृतिक क्रांतीत त्यांनाही कैद झाली आणि त्या कैदेतच वारल्या. फान मिंग यांनाही 1958 मध्येच हटवलं होतं, म्हणजे घाई करणाराही गेला आणि थांबा म्हणणाराही.

न्गाबोंचं काय झालं? 1955 मध्ये चिनी सैन्यात लेफ्टनंट जनरल. 1956 च्या एप्रिलमध्ये स्वायत्त प्रदेशाची पूर्वतयारी समिती बसली तिचे सरचिटणीस. 1965 मध्ये प्रदेशाचे पहिले अध्यक्ष. सांस्कृतिक क्रांतीत रेडगार्ड, म्हणजे माओंच्या तरुण पाठीराख्यांच्या टोळ्या, घरावर येण्याच्या बेतात असताना त्यांना बीजिंगला हलवून सांभाळलं गेलं. पुढं राष्ट्रीय लोककाँग्रेसच्या, म्हणजे चीनच्या संसदेच्या, स्थायी समितीचे उपाध्यक्ष. डिसेंबर 2009 मध्ये 99 व्या वर्षी वारले तेव्हा सरकारी श्रद्धांजलीत त्यांना पक्षाचे जिवलग मित्र म्हटलं गेलं. मित्र, कारण सदस्य ते नव्हतेच. आणि तेच त्यांच्या पथ्यावर पडलं. संयुक्त आघाडीतला (पक्षाबाहेरच्या मित्रांच्या आघाडीतला) सरदार ही दाखवायची वस्तू, त्याच्याकडून विचारांची अपेक्षा नसते. पक्षातला तिबेटी मात्र लेनिन उघडून 'इथं असं लिहिलंय' म्हणू शकतो. पक्षाला त्याची जास्त भीती.

पुढच्या पिढीची घडण वेगळी. 1958 मध्ये शान्शीतल्या श्येनयांग इथं, तिबेटपासून लांब, तिबेटी कार्यकर्ते घडवणारी शाळा निघाली. जुन्या समाजात ज्यांना काहीच नव्हतं अशा घरांतली मुलं उचलायची, तालुक्यात नेमायची, मग जिल्ह्यात उपपदावर, मग ल्हासाला. उत्तर तिबेटातल्या नाकचूच्या बिरूचे राइदी हा त्याचा नमुना: 1938 चा जन्म, 1961 मध्ये पक्षात, प्रदेशाचे उपसचिव आणि 2003 मध्ये न्गाबोंनी पूर्वी भूषवलेल्या पदावर, राष्ट्रीय लोककाँग्रेसच्या स्थायी समितीच्या उपाध्यक्षपदी. शिडी इथवर येते. 1980 च्या मे महिन्यात पक्षाचे सरचिटणीस हू याओबांग ल्हासात आले, तिबेटी अधिकारी दोनतृतीयांशांवर न्या म्हणाले. संख्या वाढली, सचिवपद जागचं हललं नाही. 1994 नंतर धर्माचरणावर आणि मुलं भारतातल्या निर्वासितांच्या शाळांत पाठवण्यावर अधिकाऱ्यांना जाच सुरू झाला तो वेगळा.

फुनवांगांची इभ्रत परत मिळाली. लोककाँग्रेसच्या राष्ट्रीयता समितीचे उपप्रमुखपद मिळालं, ल्हासात अध्यक्ष होण्याची विचारणा झाली ती त्यांनी नाकारली. 2004 पासून त्यांनी तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष हू जिंताओंना पत्रं लिहिली: दलाई लामांशी समेट करा, आणि फुटीरतेला विरोध हाच ज्यांचा धंदा झालाय, त्याच्यावरच ज्यांना बढत्या मिळतात, अशा अधिकाऱ्यांपासून सावध राहा. 1988 ते 1992 तिबेटचे पक्षसचिव हू जिंताओच होते, आणि मार्च 1989 मध्ये ल्हासात लष्करी कायदा लागला तो त्यांच्याच कारकिर्दीत. फुनवांग 30 मार्च 2014 रोजी बीजिंगमध्ये वारले, शेवटपर्यंत कम्युनिस्ट.