मंडळाची सरासरी आली कुठून?

मराठवाड्यात अर्थतज्ज्ञ वि. म. दांडेकर म्हटले की जुन्या कार्यकर्त्यांना आठवतो तो अनुशेष. १९८४ च्या त्यांच्या समितीने सिंचन, रस्ते, शिक्षण अशा एकेका क्षेत्रात राज्याची सरासरी काढली, त्या सरासरीपेक्षा जिल्हा जेवढा मागे तेवढा त्याचा अनुशेष धरला. मराठवाड्याच्या नावावर सुमारे ७५१ कोटी निघाले. पण इथल्या शेतकऱ्याची दर हंगामात गाठ पडते ती दांडेकरांच्या दुसऱ्याच मोजमापाशी. ‘माझं सोयाबीन गेलं, मग विमा का नाही?’ याला ‘मंडळाची सरासरी उंबरठ्याच्या वर आहे’ असे जे ठरलेले उत्तर मिळते, त्याचे मूळ त्यांच्या १९७६ च्या एका लेखात आहे. मंडळ म्हणजे काही गावांचा महसुली गट, आणि उंबरठा म्हणजे ज्याच्या खाली त्याचे उत्पन्न गेले तरच भरपाई मिळते ती रेघ.

त्याआधी पीक विमा म्हणजे ज्याचे त्याचे शेत तपासायचे, असाच समज होता. गुजरातेत १९७२ पासून संकरित कापसावर तसा प्रयोग झाला. पुढे त्यात इतर पिके व राज्येही आली, तरी १९७८ पर्यंत शेतकरी जमले ३,११०. हप्ता आला ४.५४ लाख आणि भरपाई गेली ३७.८८ लाख. हे होणारच होते. हलक्या रानाचा विमा आधी उतरवला जातो, विमा आहे म्हटल्यावर फवारणी लांबते, आणि प्रत्येक बांधावर जाऊन पाहणी करायला माणसे कुठून आणणार? सरकारने नेमलेल्या समितीनेही पीक विमा आपल्याकडे जमणार नाही, असाच कौल दिला होता.

दांडेकर संख्याशास्त्र शिकलेले. १९७१ मध्ये नीलकंठ रथांबरोबर २,२५० कॅलरींच्या हिशेबाने देशातली गरिबी मोजणारे तेच. त्यांनी प्रश्नच फिरवला. एकेका शेताचे नुकसान मोजूच नका. हवामान-जमीन सारखी असलेला एकजिनसी टापू धरा, त्याचे सरासरी उत्पन्न काढा, ते नेहमीपेक्षा घटले तर टापूतल्या सगळ्या विमेदारांना सारख्याच दराने भरपाई द्या. मग लबाडीला जागा नाही. उलट जो कष्टाने जास्त पिकवतो त्याचे पीकही त्याचे आणि भरपाईही त्याची. १९७९ ची प्रायोगिक योजना याच पायावर उभी राहिली, १९८५ ची देशव्यापी योजनाही, आणि २०१६ च्या पंतप्रधान पीक विमा योजनेचा गाभाही तोच.

हे मोजायचे साधन मात्र आधीच तयार होते: पीक कापणी प्रयोग. यादीतून चिठ्ठीसारखा गट नंबर निघतो. तलाठी, ग्रामसेवक किंवा कृषी सहायक शेतात जातो, टेप धरून खुंट्या ठोकतो, दोरीच्या आतले तेवढेच सोयाबीन कापून ताडपत्रीवर मळले जाते आणि वजन होते. कंपनीचा माणूस शेजारी उभा असतो, आणि खरी हुज्जत दाण्यातल्या ओलीवरून. अशा मोजक्या प्रयोगांतून अख्ख्या महसूल मंडळाचे उत्पन्न ठरते. गेल्या सात वर्षांतल्या चांगल्या पाचांची सरासरी काढून तिचे ७० टक्के धरले की झाले उंबरठा उत्पन्न.

दांडेकरांचे गणित मला आजही पक्के वाटते. ढिली पडली ती त्यांची अट. गोदाकाठची काळी कसदार जमीन आणि मागचा मुरमाड माळ एकाच मंडळात येतात, पाऊस एका शिवारात कोसळतो आणि ओढ्यापलीकडे भुरभुरतो. असा टापू एकजिनसी कसा म्हणायचा?

म्हणून २०१६ च्या योजनेत वैयक्तिक नुकसानीची कलमे वरून जोडली गेली: ७२ तासांत तक्रार, मग पंचनामा. बीडमध्ये २०२० ला कंपन्या फिरकल्याच नाहीत, तेव्हा कंपन्यांच्या नफ्या-तोट्याला मर्यादा घालणारा ‘बीड पॅटर्न’ निघाला. २०२३ ला विमा एक रुपयात आला आणि बोगस अर्जांनी गाजला. २०२५ च्या खरिपात राज्याने ही जोडकलमे काढून फक्त पीक कापणीचा निकष ठेवला. त्याच सप्टेंबरात मराठवाड्यात पूर आला, कित्येकांची जमीन खरडून गेली, आणि विम्याची वाट मात्र मंडळाच्या सरासरीतूनच जात होती.