घटकांच्या किमती कशा ठरतात, या थिअरीमागचं भांडण

मायक्रो इकॉनॉमिक्सच्या पुस्तकात घटक किंमत निर्धारणाचं, म्हणजे उत्पादनाच्या घटकांना काय मोबदला मिळतो याचं प्रकरण उघडलं की लगेच सीमांत उत्पादकता (घटकाचं शेवटचं एक एकक वाढवल्यावर उत्पादनात पडणारी भर) येते, जमिनीला खंड म्हणजे भाडं, श्रमाला वेतन, भांडवलाला व्याज, उद्योजकाला नफा, मग आकृत्या. वाचताना वाटतं कुणीतरी निवांत बसून हे सगळं मांडलं असणार. पण याच्या मुळाशी धान्याच्या भावावरून पेटलेलं राजकारण आहे, आणि ते माहीत असलं की थिअरी जास्त नीट कळते.

अर्थतज्ज्ञ अ‍ॅडम स्मिथने १७७६ मध्ये वेतन, नफा, खंड असे वाटे मांडले होते, पण सगळ्यांना लागू होईल असा एक नियम त्याच्याकडे नव्हता. नेपोलियनशी युद्ध चालू असताना ब्रिटनमध्ये धान्य महागलं, जमिनीचे खंड चढले, नंतर भाव पडायला लागले तेव्हा जमीनदारांचं वजन असलेल्या संसदेने १८१५ मध्ये कॉर्न लॉ आणला, म्हणजे देशातला गहू क्वार्टरमागे (धान्याचं जुनं ब्रिटिश माप) ८० शिलिंगांवर जाईपर्यंत बाहेरचा गहू बाजारात येऊच द्यायचा नाही. त्याच वर्षी माल्थस, वेस्ट, टॉरेन्स आणि रिकार्डो, या चौघा ब्रिटिश अर्थतज्ज्ञांनीही खंडावर लिहिलं.

रिकार्डोचं म्हणणं असं की खंड जास्त म्हणून धान्य महाग नसतं, धान्य महाग म्हणून खंड जास्त असतो. समजा तेवढीच मजुरी आणि तेवढाच खर्च घालून एका जमिनीत १० क्विंटल पिकतं, दुसरीत ८, तिसरीत ६. मागणी वाढली आणि तिसरीही कसावी लागली, तर भाव तिसरीचा खर्च निघेल एवढा तरी हवाच, तिला खंड शून्य. मग दुसरीला २ क्विंटलचा आणि पहिलीला ४ क्विंटलचा खंड आपोआप सुटतो, जमीनदाराने काडीही न हलवता! माझ्या मते पुढची सगळी थिअरी याच हिशोबातून निघालीय, कारण किंमत शेवटच्या, कडेच्या एककावर ठरते हे इथे पहिल्यांदा इतकं स्वच्छ दिसतं.

पण रिकार्डोने हे जमिनीपुरतंच ठेवलं. मजुरीसाठी मग वेतन निधीची कल्पना बरीच वर्षं चालली, म्हणजे मजुरांना द्यायची रक्कम आधीच ठरलेली आणि ती डोकी मोजून वाटायची, आणि १८६९ मध्ये तिचा पुरस्कर्ता अर्थतज्ज्ञ जॉन स्टुअर्ट मिलनेच ती सोडली. जर्मनीत अर्थतज्ज्ञ थ्युनेनने १८५० मध्येच लिहून ठेवलं होतं की मजुरी शेवटच्या मजुराच्या उत्पादनाइतकी असते, पण तेव्हा त्याकडे फारसं कुणाचं लक्ष गेलं नाही. १८७१ मध्ये ऑस्ट्रियाच्या मेंगरने दाखवलं की घटकाला मोल येतं ते त्यापासून बनणाऱ्या वस्तूमुळे, हीच कल्पना पुढे इंग्रज अर्थतज्ज्ञ मार्शलकडे व्युत्पन्न मागणी झाली, म्हणजे वस्तूला मागणी म्हणून घटकाला मागणी.

१८७९ मध्ये अमेरिकेत हेन्री जॉर्जने खंडावरच सगळा कर बसवा म्हणून रान उठवलं. त्याच्या पुस्तकातूनच अमेरिकन अर्थतज्ज्ञ क्लार्कला सीमांत मजुराचा धागा मिळाला आणि त्याने रिकार्डोचा हिशोब श्रम आणि भांडवल दोघांनाही लावला, १८९९ चं त्याचं पुस्तक म्हणजे आजच्या प्रकरणाचा पाया. मात्र स्पर्धेत प्रत्येकाला आपण निर्माण केलं तेवढंच मिळतं आणि म्हणून ते न्याय्यही आहे, ही क्लार्कची उडी मला अजिबात पटत नाही. किंमत कशी ठरते आणि ती योग्य आहे का, हे दोन वेगळे प्रश्न आहेत.

शिवाय सगळ्यांना सीमांत उत्पादनाएवढं दिलं तर एकूण उत्पादन बरोबर पुरतं का? ब्रिटिश अर्थतज्ज्ञ विकस्टीडने १८९४ मध्ये हे तपासलं, आणि फ्लक्सने गणितातलं ऑयलरचं प्रमेय वापरून दाखवलं की स्थिर प्रमाण फल असेल, म्हणजे सगळे घटक दुप्पट केल्यावर उत्पादनही दुप्पट होत असेल, तर पुरतं.

१९३३ मध्ये ब्रिटिश अर्थतज्ज्ञ जोन रॉबिन्सनने मोनोप्सनी आणली, म्हणजे मजूर घेणारा एकच असेल तर तो सीमांत उत्पादनापेक्षा कमी वेतन देऊन निभावतो. १९९२ मध्ये न्यू जर्सीने किमान वेतन ताशी ४.२५ वरून ५.०५ डॉलर केलं, तेव्हा अर्थतज्ज्ञ कार्ड आणि क्रूगर यांना फास्ट फूडच्या दुकानांत नोकऱ्या घटलेल्या दिसल्या नाहीत, त्यावर बराच वाद झाला, आणि रॉबिन्सनची मोनोप्सनीची जुनी आकृती पुन्हा चर्चेत आली, कारण तिच्यात किमान वेतन वाढलं तरी नोकऱ्या घटतीलच असं नसतं.