कांडी (कल्पित कालमान)

कांडी : सोलापूरच्या मागवाल्यांच्या जगण्यावरून रचलेल्या एका कल्पित नगरीच्या पंचांगातील कालमापनाचे एकक. या पंचांगात एका अहोरात्राच्या ३६० कांड्या होतात. म्हणजे आपल्या घड्याळाने एक कांडी ४ मिनिटांची. जुन्या भारतीय कालगणनेशी तिचा मेळ सरळ बसतो : अहोरात्राच्या ६० घटका, घटकेची ६० पळे, म्हणून कांडीत १० पळे आणि घटकेत ६ कांड्या. पृथ्वीला स्वतःभोवती १ अंश फिरायलाही साधारण एवढाच वेळ लागतो.

नाव अर्थातच मागावरून आले आहे. आडवा धागा, म्हणजे बाणा, घालणाऱ्या धोट्याच्या पोटात सुताची छोटी कांडी बसवलेली असते. धोटा या काठावरून त्या काठाला धावतो तसे तिचे सूत सुटत जाते. सूत संपले की माग थांबवायचा, रिकामी कांडी काढायची, भरलेली घालायची. सोलापूरच्या पूर्व भागात घरात तेलुगू आणि बाजारात मराठी बोलणाऱ्या पद्मशाली विणकर कुटुंबांना हा क्रम सांगावा लागत नाही. कल्पित नगरीने एवढेच केले, की एक कांडी भरल्यापासून सरेपर्यंतच्या अवधीला काळाचे माप मानले.

यात ओढूनताणून काही नाही, कारण घटकाही अशीच जन्मली. तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडायची. ती भरून बुडाली की एक घटका झाली. 'घटका भरली' हे आपण आजही म्हणतो, वाटी मात्र कधीच दिसेनाशी झाली. कल्पित नगरीत त्याच अर्थाने 'कांडी सरली' म्हणतात, आणि दारात आलेल्या शेजारणीला 'कांडीभर बस की गं' असा आग्रह होतो. अद्भुत जगे रचणारे पुष्कळदा तासालाच एखादे विचित्र नाव देऊन मोकळे होतात. त्यापेक्षा हातातल्या कामातून निघालेले माप कितीतरी खरे वाटते.

कांडीची खरी गंमत तिच्या अडचणीत आहे. सुताचा नंबर जितका मोठा तितके सूत बारीक. त्याच वजनात २० नंबरचे सूत १० नंबरच्या दुप्पट लांब भरते, म्हणून त्याच मागावर, त्याच वेगाने, ती कांडी सुमारे दुप्पट वेळ चालते. साहजिकच जाड चादर विणणाऱ्या घरातली कांडी आणि बारीक लुगडे विणणाऱ्या घरातली कांडी एक नाही. शेजारी शेजारी राहणाऱ्यांचे दिवस वेगवेगळे मोजले जातात. उधारी, मजुरी, लग्नाचा मुहूर्त, सगळ्यात घोळ होतो. शेवटी नगरी १० नंबरच्या सुताची 'प्रमाण कांडी' ठरवते आणि तळ्याकाठच्या देवळात घटीपात्राशेजारी एक माग बसवते. वाटी एकदा बुडेपर्यंत तिथे बरोबर सहा कांड्या सराव्यात, कमी नाही, जास्त नाही. या पंचांगातला सर्वांत जिवंत भाग हाच, कारण काळ सर्वांनी मिळून एक मानावा लागतो हे त्यात उघड दिसते.

खऱ्या सोलापुरात हे काम भोंग्याने केले. १८७७ साली सुरू झालेली, लोकांच्या तोंडी 'जुनी मिल' असलेली गिरणी आणि तिच्यानंतरच्या गिरण्या पाळी बदलताना भोंगा देत, आणि गिरणीत पाऊल न टाकलेली घरेही त्यावर चूल पेटवत. कल्पित नगरीत भोंगा मुद्दाम ठेवलेला नाही.

प्रमाणवेळ आणि सूर्य यांतला फरकही कांडीत छान सांगता येतो. भारतीय प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशाची, सोलापूर साधारण ७५.९ अंशांवर. फरक ६.६ अंशांचा. म्हणून स्थानिक मध्यान्ह सरासरी साडेसहा कांड्या, म्हणजे सुमारे २६ मिनिटे, उशिरा होते.

मोठे माप 'अडुसष्टी', ६८ दिवसांचे. बाराव्या शतकातील सिद्धरामेश्वरांनी सोलापूर परिसरात स्थापिलेल्या ६८ लिंगांवरून ते घेतले आहे. दर दिवस एका लिंगाच्या नावाचा. पाच अडुसष्ट्यांचे ३४० दिवस होतात. उरलेले २५ दिवस (दर चौथ्या वर्षी २६) 'गड्डा' या नावाने मोजणीबाहेर राहतात. वर्ष संक्रांतीला उलटते, आणि संक्रांत स्वतः हळूहळू पुढे सरकते : नाक्षत्र वर्ष ऋतूंच्या वर्षाहून सुमारे २० मिनिटांनी, म्हणजे ५ कांड्यांनी, मोठे असते. वर्षाला पाच कांड्या साचत सुमारे ७२ वर्षांत एक दिवस भरतो.

सोलापूरची गड्डा यात्रा संक्रांतीच्या सुमारास भरते; पांढऱ्या बाराबंदीतले भक्त सात नंदीध्वज घेऊन ६८ लिंगांच्या प्रदक्षिणेला निघतात, अक्षता सोहळा होतो, होम होतो. कल्पित नगरीत या काळात सगळे माग बंद असतात. धोटा धावत नाही, म्हणून कांडी मोजता येत नाही, आणि त्या दिवसांत जन्मलेल्या मुलाच्या टिपणात वेळ लिहीत नाहीत. 'अक्षतेच्या दिवशीचा', 'होमाच्या रात्रीची' एवढीच नोंद असते.