कॉन्ट्रिब्युटरी की कंपोझिट? अपघाताच्या दाव्यात 30 टक्के नेमके कुणाचे कापायचे

मोटारसायकलवर नवरा-बायको, समोरून ट्रक, असे उदाहरण घेऊ. धडकेत नवरा गेला, मागे बसलेल्या बायकोचा पाय मोडला. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने ट्रकचालकाची चूक 70 टक्के आणि मोटारसायकल चालवणाऱ्याची 30 टक्के धरली. ट्रकची विमा कंपनी दोन्ही दाव्यांत 30 टक्के कपात मागते. नवऱ्याच्या मृत्यूच्या दाव्यात ती मागणी बरोबर आहे. बायकोच्या दुखापतीच्या दाव्यात ती साफ चुकीची आहे, आणि तिथे हरकत घेतली नाही तर हक्काचे पैसे जातात.

ज्याला इजा झाली त्याचीच अपघाताला अंशतः चूक असेल, तर ती कॉन्ट्रिब्युटरी निग्लिजन्स. त्याचा वाटा त्याच्या भरपाईतून वजा होतो, आणि तो मयत असेल तर वारसांच्या भरपाईतून. ज्याला इजा झाली त्याची काहीच चूक नाही, पण इतर दोघांच्या किंवा अधिकांच्या चुकीने तो भरडला गेला, तर ती कंपोझिट निग्लिजन्स. तिथे कपात शून्य.

मृत्यूचे नुकसान 20 लाख ठरले तर वारसांना 14 लाख. बायकोच्या दुखापतीचे 6 लाख ठरले तर तिला पूर्ण 6 लाख, आणि तेही एकट्या ट्रकवाल्याकडून मागता येतात. सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठाने 2015 मध्ये हे स्पष्ट केले आहे: दोषी असलेल्यांपैकी कुणाही एकाकडून किंवा सगळ्यांकडून पूर्ण रक्कम वसूल करता येते. 70-30 ची विभागणी त्यांच्या आपसातल्या हिशेबापुरती. म्हणून आधी ‘हा दावा कुणाच्या इजेचा आहे?’ हे विचारा. एकाच अपघातातल्या प्रत्येक दाव्याला वेगळे उत्तर येऊ शकते.

दुसऱ्या वाहनाचे मालक, चालक आणि विमा कंपनी यांना पक्षकार केले नाही म्हणून कंपोझिटचा दावा फेटाळता येत नाही. तरीही शक्य असेल तर करावे. सगळे समोर असले की न्यायाधिकरण त्यांचे वाटे तिथेच ठरवते. नसले तर पैसे भरणाऱ्याला दुसऱ्याविरुद्ध वेगळी कारवाई करावी लागते. ट्रकचा विमाच निघाला नाही, तर वसुलीला दुसरे दारही लागते. मात्र मोटारसायकलची पॉलिसी आधी वाचा. नुसती थर्ड पार्टी असेल तर मागे बसणाऱ्याची जबाबदारी सहसा त्यात येत नाही. पॅकेज पॉलिसीत येते. पॉलिसी थर्ड पार्टीच असेल आणि गाडी नवऱ्याच्याच नावावर असेल, तर ट्रकच्या विमा कंपनीची 1 लाख 80 हजारांची (बायकोच्या 6 लाखांतल्या 30 टक्क्यांची) उलट मागणी त्याने मागे ठेवलेल्या मालमत्तेवर येऊ शकते. कुटुंबाला हे आधीच सांगून ठेवायला हवे.

वाटा ठरतो पुराव्यावर. इथे फौजदारी खटल्यासारखा ‘संशयापलीकडे’ पुरावा लागत नाही, शक्यतेचे पारडे कुठे झुकते ते पाहतात. स्वाराची चूक होती असे म्हणणाऱ्या विमा कंपनीनेच ती सिद्ध करायची. ट्रकचालकाला साक्षीला आणलेच नाही, तर त्याचा अर्थ तिच्याविरुद्ध काढता येतो.

सगळ्यात बोलका कागद म्हणजे घटनास्थळाचा पंचनामा. रस्ता किती मीटर रुंद, ब्रेकच्या खुणा कुठून कुठे, काचांचा खच मधल्या पट्ट्याच्या कोणत्या बाजूला, हे बारकाईने वाचावे. काचा स्वाराच्या बाजूला आणि ट्रकच्या खुणा पट्टा ओलांडून आलेल्या असतील, तर ‘समोरासमोर धडक म्हणजे 50-50’ हे सूत्र टिकत नाही. एफआयआर कधीकधी मयत स्वारावरच नोंदवलेला असतो, कारण बाजू मांडायला तो उरलेला नसतो. तो शेवटचा शब्द नाही. प्रत्यक्षदर्शीची साक्ष आणि पंचनामा त्याला छेद देऊ शकतात.

नियम मोडला म्हणजे चूक आपोआप ठरली, असेही नाही. मोटारसायकलवर तिघे होते आणि कारने मागून ठोकरले, अशा प्रकरणात उच्च न्यायालयाने केलेली 10 टक्के कपात सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये रद्द केली. तिघे बसल्यामुळे अपघात झाला किंवा इजा वाढली, असा संबंध दाखवावा लागतो. लायसन्स नसण्याचेही तसेच: दंड होईल, पण चालवण्यातली चूक वेगळी सिद्ध करावी लागते.