कुंपणातला तिलोर आणि ओरिक्स

सौदी अरेबियातल्या ताइफजवळ 1986 साली वन्यजीव पैदास केंद्र सुरू झालं, ते अरबी ओरिक्सच्या एका कळपापासून. पांढऱ्या अंगाचा, लांब सरळ शिंगांचा हा प्राणी काळविटासारखाच कुरंग. जंगलातले शेवटचे अरबी ओरिक्स 1972 मध्ये ओमानमध्ये मारले गेले होते. उरले ते पाळीव कळपांत. ताइफच्या कळपात मात्र क्षयरोग निघाला. मग उपाय कठोर केला: पाडस जन्मलं की लगेच आईपासून तोडायचं, वेगळ्या गोठ्यात ठेवायचं आणि बाटलीच्या दुधावर वाढवायचं. निरोगी कळप उभा राहिला तो या पोरक्या पाडसांतून.

केंद्रातला दुसरा रहिवासी तिलोर, म्हणजे हौबारा. आपल्या माळढोकाचा भाऊबंद. तो हिवाळ्यात थरच्या वाळवंटातही उतरतो. बंदिवासात नर-मादीची जोडी जमेलच असं नाही, म्हणून कृत्रिम रेतन करतात. नर पिसारा फुलवून नाचू लागला की त्याच्यापुढे नकली मादी ठेवून वीर्य गोळा करायचं. घातलेलं अंडं उचललं की मादी पुन्हा घालते. उबवणी यंत्रात साधारण 37.5 अंश सेल्सिअस आणि सुमारे 23 दिवस. या काळात अंडं रोजच्या रोज वजन करून पाहतात. पाणी उडून त्याचं वजन 12 ते 15 टक्के घटायला हवं. यंत्रात दमटपणा जास्त झाला तर ते पुरेसं घटत नाही, आतली हवेची पोकळी लहान राहते आणि पूर्ण वाढलेलं पिल्लू कवचातच गुदमरतं. जैसलमेरच्या माळढोक प्रकल्पानेही कृत्रिम रेतनाचं हे तंत्र अबुधाबीच्या हौबारा-तज्ज्ञांकडून घेतलं. तिथे असं पहिलं पिल्लू ऑक्टोबर 2024 मध्ये जन्मलं.

पिल्लं झाली, पुढे काय? ताइफच्या ईशान्येला महाझत अस-सैद हे सुमारे 2,244 चौरस किलोमीटरचं राखीव माळरान 1989 मध्ये कुंपणाने बंद केलं. उंट-शेळ्यांची चराई थांबली, गवत परतलं. 1990 पासून तिथे ओरिक्स सोडले, पुढच्या वर्षापासून तिलोर.

पण खोकडाला कुंपण अडवत नाही, आणि यंत्रात जन्मलेल्या तिलोरला खोकड म्हणजे काय हेच ठाऊक नसतं. सोडण्याआधी त्यांना खोकडाचं बुजगावणं दाखवून पाहिलं, जगण्याचं प्रमाण काही वाढलं नाही. मग माणसांनी वाढवलेलं जिवंत खोकड थोडा वेळ त्यांच्या पिंजऱ्यात आणलं. हा धडा घेतलेले तिलोर मोकळ्या रानात अधिक टिकले. पक्ष्याला घाबरायला शिकवणं हीसुद्धा पैदास केंद्राची कामगिरी, आणि आमच्या मते तीच सर्वांत दुर्लक्षित.

ओरिक्सचं दुखणं वेगळं होतं. मोकळा ओरिक्स पाऊस पडेल तिकडे शेकडो किलोमीटर चालत जातो. इथे वर्षाला 100 मिलिमीटरही पाऊस होत नाही, तोही कुठेतरी एकाच कोपऱ्यात. कुंपणाच्या आत संरक्षणामुळे संख्या वाढत गेली, गवत मात्र तेवढंच. 1999 पासूनच्या कोरड्या वर्षांत शेकडो ओरिक्स आणि त्यांच्याहून कितीतरी जास्त रीम, म्हणजे तिथली वाळवंटी हरणं, उपासमारीने मेली. शिकाऱ्याला बाहेर ठेवणारी तीच जाळी त्यांना पावसापर्यंत पोचू देत नव्हती.