स्मोक्टुनोव्स्की, इन्नोकेन्ती मिखाइलोविच

(२८ मार्च १९२५ – ३ ऑगस्ट १९९४). रशियन रंगभूमी व चित्रपटांतील श्रेष्ठ अभिनेते. जन्म सायबेरियातील तोम्स्क परिसरात तात्यानोव्का या खेड्यात. मूळ आडनाव स्मोक्टुनोविच. घराणे पोलिश सरदारांचे असल्याचे काही चरित्रकार सांगतात. ते स्वतः मात्र बेलारूसी मूळ मानीत. पूर्वज सायबेरियात कसे आले याविषयीच्या कथा परस्परांशी जुळत नाहीत. आडनावातला बदल बहुधा उत्तर सायबेरियातील नोरिल्स्क शहरातील वास्तव्यात झाला असावा.

दुसऱ्या महायुद्धात ते कुर्स्कच्या लढाईत होते. १९४३ च्या अखेरीस कीव्हजवळ जर्मनांच्या हाती सापडले; तेथून निसटल्यावर एका युक्रेनियन कुटुंबाने त्यांना आसरा दिला. क्रास्नोयार्स्कमध्ये नाट्यशिक्षणाला सुरुवात करून १९४६ मध्ये ते ध्रुवीय नोरिल्स्कच्या नाट्यगृहात दाखल झाले. युद्धकैदी राहिलेल्यांना मोठ्या शहरांत राहण्यास बंदी होती म्हणून ते तिकडे गेले, असे एक मत आहे. दुसऱ्या मतानुसार अटकेच्या भीतीने त्यांनी दूरचा मुलूख आपणहून निवडला. त्यांच्या नंतरच्या कथनाशी दुसरे मत अधिक जुळते. पुढे मखाचकला व स्टालिनग्राड येथे काम करून ते १९५५ मध्ये मॉस्कोला आले.

लेनिनग्राडच्या बोल्शोई ड्रामा नाट्यगृहात दिग्दर्शक गिओर्गी तॉव्हस्तोनोगव्ह यांनी दस्तयेव्हस्कीच्या ‘इडियट’ या कादंबरीच्या नाट्यरूपातील भाबड्या राजपुत्र मिश्किनची भूमिका त्यांना दिली (३१ डिसेंबर १९५७). ‘सैनिक’ या चित्रपटात पाहिलेले त्यांचे डोळे दिग्दर्शकाच्या मनात राहिले होते, असे सांगतात. तालमी मात्र रखडल्या. लेनफिल्म या चित्रपट-स्टुडिओतील गर्दीत शांतपणे वाचत उभा असलेला एक माणूस दिसला आणि मिश्किन सापडला, ही कथा वारंवार सांगितली जाते. तो माणूस स्टालिनकालीन श्रमछावण्यांतून परतलेला होता, अशी जोडही तिला मिळते. एवढे खरे, की या प्रयोगाने सोव्हिएत रंगभूमीवरील नायकाची कल्पनाच बदलली. घोषणेऐवजी कुजबूज, ताठ छातीऐवजी संकोच.

ग्रिगोरी कोझिन्त्सेव्ह यांचा ‘हॅम्लेट’ (१९६४) बोरिस पास्तरनाक यांच्या अनुवादावर आधारित असून संगीत शोस्ताकोविच यांचे होते. त्यातील हॅम्लेटच्या भूमिकेबद्दल स्मोक्टुनोव्स्कींना १९६५ मध्ये लेनिन पारितोषिक लाभले. एल्दार र्‍याझानव्ह यांच्या ‘मोटारीपासून सावधान’ (१९६६) मधला साधाभोळा, प्रामाणिक मोटारचोर हा हॅम्लेटच्या अगदी उलट टोकाचा. तरी त्यात मिश्किनची सावली दिसते. चित्रपटांतील त्यांची चेखव्हचा मामा वान्या (१९७०) व दस्तयेव्हस्कीच्या ‘गुन्हा आणि शिक्षा’मधील तपास अधिकारी पोर्फिरी (१९७०) ही कामेही उल्लेखनीय आहेत.

१९७३ मध्ये मॉस्कोच्या माली नाट्यगृहात त्यांनी अलेक्सेय तलस्तोय यांच्या नाटकातील त्सार (सम्राट) फ्योदर साकारला. १९७६ पासून मॉस्को आर्ट थिएटरमध्ये चेखव्हचा इव्हानव्ह, वान्या आदी भूमिका केल्या. मॉस्कोतील नोव्होदेव्हिची दफनभूमीत त्यांची समाधी आहे.