गॉस्पेल क्वायर

गॉस्पेल क्वायर हा अमेरिकेतील कृष्णवर्णीय ख्रिस्ती मंडळ्यांमध्ये १९३० च्या दशकात आकाराला आलेला गायकवृंद. 'गॉस्पेल' म्हणजे शुभवर्तमान. ते गाऊन सांगणाऱ्यांचा हा मेळा. या गाण्याची जन्मभूमी शिकागो आणि त्याची मुळे अमेरिकेच्या दक्षिणेतील गुलामगिरीच्या काळात. आज लंडन, ओस्लो, दक्षिण आफ्रिकेतील सोवेटो आणि टोकियोतही असे वृंद गातात.

युरोपीय धाटणीचा चर्च-क्वायर हातात स्वरलिपीची वही धरून गातो आणि मंडळी शांतपणे ऐकतात. गॉस्पेल क्वायरच्या हातात सहसा वही नसते. गाणे कानाने उचललेले आणि तोंडपाठ केलेले असते, अंग डोलत असते, टाळी दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर पडत असते आणि समोरची मंडळी गप्प राहिली तर गाण्याला रंग चढत नाही. मराठी वाचकाला यातले मर्म चटकन कळेल. शाहिराने ओळ टाकावी आणि झीलकऱ्यांनी ती उचलून धरावी, कीर्तनकाराने चरण सोडावा आणि टाळकऱ्यांनी तो घोळवावा, ही आपली रीत. दोन्ही परंपरांचा इतिहासात काही संबंध नाही, पण झील धरणाऱ्याशिवाय गाणे पुरे होत नाही, ही समज दोन्हीकडे सारखीच मुरलेली आहे.

उगम

गुलामगिरीत मळ्यांवर राबणाऱ्या माणसांची 'स्पिरिच्युअल' गाणी हा या परंपरेचा पाया. एकाने ओळ म्हणायची, बाकीच्यांनी उत्तर द्यायचे, ही त्यांची बांधणी आफ्रिकेतून आलेली. नॅशव्हिलच्या फिस्क विद्यापीठातील ज्युबिली सिंगर्स या विद्यार्थी-वृंदाने १८७१ पासून ही गाणी रंगमंचावर नेली, पण ती घासूनपुसून, युरोपीय मैफलीच्या शिस्तीत. अंग हलवून, टाळ्या वाजवून गाण्याची मूळ रीत टिकली ती पवित्र आत्म्याच्या प्रत्यक्ष अनुभवावर भर देणाऱ्या पेंटेकोस्टल मंडळ्यांत. १९०६ मध्ये लॉस एंजेलिसच्या अझुसा स्ट्रीटवर विल्यम सीमोर यांच्या सभांमधून जी जागृती पसरली, तिने खंजिरी, ढोल आणि पियानो थेट उपासनेत आणले.

पहिल्या महायुद्धाच्या सुमारास दक्षिणेतील कृष्णवर्णीय कुटुंबे लाखोंच्या संख्येने उत्तरेच्या शहरांकडे निघाली. शिकागोतील मोठ्या, सुस्थितीतील चर्चना मात्र गावाकडचे हे गाणे नकोसे वाटे. तिथे बाख आणि हँडेल या युरोपीय संगीतकारांच्या रचना गायल्या जात, आणि नव्याने आलेल्या माणसाला रविवारी आपल्या आवाजाचे काहीच कानावर पडत नसे.

ही कोंडी फोडली टॉमस डॉर्सी (१८९९–१९९३) यांनी. जॉर्जियातील एका उपदेशकाचा हा मुलगा 'जॉर्जिया टॉम' या नावाने ब्लूज, म्हणजे कृष्णवर्णीयांचे ऐहिक लोकसंगीत, वाजवत असे आणि त्याच्या द्व्यर्थी गाण्यांच्या तबकड्या जोरात खपत. १९३१-३२ च्या सुमारास त्यांनी शिकागोच्या एबेनेझर बॅप्टिस्ट चर्चमध्ये थिओडोर फ्राय यांच्यासोबत गॉस्पेल कोरस उभा केला आणि लगेच पिल्ग्रिम बॅप्टिस्ट चर्चमध्ये दुसरा. ब्लूजची लय, ब्लूजचा कोमल गंधार आणि ओठांवर प्रभूचे नाव, हे रसायन अनेक पाळकांना पचले नाही. डॉर्सींची गाणी सुट्या कागदांवर छापून गावोगाव विकणाऱ्या सॅली मार्टिन यांच्या व्यवहारचातुर्याशिवाय ती शिकागोबाहेर इतकी पसरली नसती. गॉस्पेलच्या इतिहासात या बाईंना मिळते त्यापेक्षा मोठी जागा मिळायला हवी.

ऑगस्ट १९३२ मध्ये डॉर्सी सेंट लुईसला गायला गेले असताना तार आली. पत्नी नेटी बाळंतपणात गेली होती. ते घरी पोहोचले, आणि मागोमाग बाळही गेले. दोघांना एकाच शवपेटीत निरोप दिला. त्या दिवसांत त्यांनी एका जुन्या स्तोत्राच्या चालीवर 'टेक माय हँड, प्रेशस लॉर्ड' हे गीत बांधले. प्रभू, माझा हात धर, मी थकलो आहे, एवढेच त्यात मागणे. मार्टिन ल्यूथर किंग यांचे हे आवडते गीत. ४ एप्रिल १९६८ च्या संध्याकाळी, गोळी लागण्याच्या काही क्षण आधी, रात्रीच्या सभेत ते वाजवण्याची विनंती त्यांनी केली होती. किंग यांच्या अंत्यविधीत ते गॉस्पेल गायिका महालिया जॅक्सन यांनी गायले. याच महालिया १९७१ मध्ये भारतात येऊन गाऊन गेल्या आणि त्यांना ऐकायला इंदिरा गांधी आल्या होत्या.

गाण्याची बांधणी

गॉस्पेल क्वायरमध्ये बहुधा तीनच भाग असतात: सोप्रानो (बायकांचा उंच आवाज), आल्टो (बायकांचा खालचा आवाज) आणि टेनर (पुरुषांचा उंच आवाज). सगळे पुरुष टेनरमध्ये. युरोपीय वृंदातला चौथा, खर्जाचा भाग इथे बास गिटार आणि ऑर्गनच्या पायपट्ट्यांवर सोपवलेला असतो. ही त्रिभागी शिकवण रूढ करण्याचे श्रेय डेट्रॉइटच्या मॅटी मॉस क्लार्क (१९२५–१९९४) यांना दिले जाते.

तालीम आठवड्यातल्या एखाद्या संध्याकाळी, कामावरून सुटलेल्या माणसांची. त्यात बसचालक असतात, परिचारिका असतात, शाळकरी पोरे असतात. संचालक पियानोजवळ उभे राहून सोप्रानोची ओळ गाऊन दाखवतात. बायका ती दोनदा म्हणतात. मग आल्टोची ओळ. तोवर सोप्रानोंनी आपली मनातल्या मनात धरून ठेवायची. मग टेनर. मग तिघे एकत्र, आणि पहिल्यांदा तो तिपेडी स्वर खोलीत उभा राहतो तेव्हा कोणीतरी हमखास हसते किंवा डोळे पुसते. स्वरलिपी वाचता न येणारा माणूसही तासाभरात तीन सुरांच्या मेळात आपली जागा पकडतो. या परंपरेची खरी कमाई मला हीच वाटते.

गाण्याचा पहिला अर्धा भाग साधा असतो: एकल गायक कडवे गातो, वृंद ध्रुवपद. खरे गॉस्पेल सुरू होते 'व्हॅम्प'मध्ये. व्हॅम्प म्हणजे दोन-चार शब्दांची एकच ओळ, छोट्या आवर्तनात पुन्हा पुन्हा घोळवलेली. आता संचालकाच्या हाताकडे पाहावे. बोट हवेत गोल फिरले की पुन्हा तेच. हात वर गेला की तिन्ही भाग एकेक पायरी चढतात: टेनर आल्टोच्या स्वरावर, आल्टो सोप्रानोच्या स्वरावर आणि सोप्रानो त्याहून वर. सुरांचा मेळ तोच, पण छप्पर उंच झाल्यासारखे वाटते. मग अख्खी पट्टीच अर्ध्या स्वराने वर जाते, काळी एकवरून पांढरी दोनवर. मूठ मिटली की पन्नास-साठ गळे एका क्षणात थांबतात. खुणा प्रत्येक संचालकाच्या थोड्या निराळ्या असतात आणि व्हॅम्प किती वेळ चालेल हे आधी ठरलेले नसते. ते मंडळी ठरवतात. कोणी उभे राहून हात वर केले, मागच्या बाकावरून हाक आली, की फेरी वाढते.

साथीला हॅमंड ऑर्गन. लॉरेन्स हॅमंड यांचे हे विजेवर चालणारे वाद्य १९३५ मध्ये बाजारात आले आणि पाइप ऑर्गन न परवडणाऱ्या चर्चनी ते उचलले. फिरत्या भोंग्याच्या लेस्ली स्पीकरमधून निघणारा त्याचा थरथरता नाद गॉस्पेलची ओळखच बनला. ऑर्गनवादक केवळ गाण्याला साथ करत नाही. पाळक उपदेशाच्या शेवटी चढ्या आवाजात बोलू लागले की प्रत्येक वाक्यानंतर तो स्वरांनी हुंकार भरतो. तिथून लय दुप्पट होऊन मंडळी नाचू लागतात, त्याला 'शाउट' म्हणतात.

ध्वनिमुद्रणे

गॉस्पेल क्वायरचे गाजलेले अल्बम बहुतेक चर्चमध्ये किंवा श्रोत्यांसमोरच मुद्रित झाले आहेत, कारण मंडळींची साद हा संगीताचाच भाग असतो. ही वाट रुळवली जेम्स क्लीव्हलँड (१९३१–१९९१) यांनी. लहानपणी ते पिल्ग्रिम चर्चमध्ये डॉर्सींच्या हाताखाली गात. १९ सप्टेंबर १९६३ रोजी न्यू जर्सीत, नटली गावच्या एंजेलिक क्वायरसोबत त्यांनी 'पीस बी स्टिल' मुद्रित केले. येशू वादळाला शांत हो म्हणतो, या प्रसंगावरचे ते एकोणिसाव्या शतकातील स्तोत्र. चारच दिवसांपूर्वी अलाबामा राज्यातील बर्मिंगहॅममध्ये कृष्णवर्णीयांच्या एका चर्चमध्ये बॉम्बस्फोट होऊन चार मुली मारल्या गेल्या होत्या. मुद्रणात वृंद 'शांती' हा शब्द आधी जवळजवळ कुजबुजत आणि मग गर्जून म्हणतो, तो ऐकताना हे दिवस ध्यानात ठेवावेत. क्लीव्हलँड यांनी १९६७ मध्ये 'गॉस्पेल म्युझिक वर्कशॉप ऑफ अमेरिका' ही संस्था स्थापन केली. तिच्या वार्षिक अधिवेशनात हजारो गायक नवी गाणी शिकत आणि आपापल्या गावी जाऊन शिकवत.

समकालीन गॉस्पेलचा आरंभ मात्र एका अपघाती यशातून झाला. १९६८ मध्ये एडविन हॉकिन्स यांनी कॅलिफोर्नियातील बर्कलीच्या एका चर्चमध्ये आपल्या युवक-वृंदाचा अल्बम मुद्रित केला. प्रवासखर्च जमवण्यासाठी थोड्याच प्रती काढून ओळखीपाळखीत विकायच्या, एवढाच बेत. त्यातले 'ओ हॅपी डे' हे अठराव्या शतकातील स्तोत्र हॉकिन्स यांनी नव्या ठेक्यावर बसवले होते. सॅन फ्रान्सिस्कोच्या रेडिओने ते उचलले आणि १९६९ मध्ये ते अमेरिकेच्या यादीत चौथ्या, ब्रिटनच्या यादीत दुसऱ्या क्रमांकावर पोहोचले. स्तोत्र नाइटक्लबात वाजू लागले म्हणून चर्चमधील वडीलधारे दुखावले. बीटल्सचे जॉर्ज हॅरिसन यांना 'माय स्वीट लॉर्ड' हे गाणे सुचले ते याच गाण्यावरून; त्यातल्या झिलीत 'हालेलूया' हळूच 'हरे कृष्ण' होते आणि पुढे 'गुरुर्ब्रह्मा'चा श्लोकही येतो.

जानेवारी १९७२ मध्ये लॉस एंजेलिसच्या वॉट्स भागात, पूर्वी चित्रपटगृह असलेल्या एका चर्चमध्ये, अरिथा फ्रँकलिन यांनी क्लीव्हलँड आणि सदर्न कॅलिफोर्निया कम्युनिटी क्वायरसोबत दोन रात्री गाऊन 'अमेझिंग ग्रेस' हा अल्बम केला. सोल संगीताची सम्राज्ञी घरी परतली, अशीच त्या रात्रींची आठवण सांगितली जाते.

क्वायर आणि आराधनागीत

१९९३ मध्ये टेक्ससच्या कर्क फ्रँकलिन यांचा पहिला अल्बम आला. ते स्वतः फारसे गात नाहीत. वृंदापुढे उड्या मारत, ओरडून ओळ सुचवत, हसत ते गाणे हाकतात. १९९७ च्या 'स्टॉम्प'मध्ये त्यांनी फंक आणि रॅप मिसळले आणि डॉर्सींवर झालेलाच आक्षेप त्यांच्यावरही झाला. त्याच काळात रिचर्ड स्मॉलवुड यांनी उलट टोकाचे गाणे दिले. आईचा स्मृतिभ्रंश आणि जिवलगाचे असाध्य आजारपण, अशा दिवसांत ते दुःखाचे गीत लिहायला बसले आणि झाले स्तुतीचे: 'टोटल प्रेज' (१९९६). बायबलमधील १२१ व्या स्तोत्रातील डोंगरांकडे लावलेली दृष्टी हा त्याचा आधार. स्मॉलवुड पाश्चात्त्य शास्त्रीय संगीत शिकलेले, त्यामुळे शेवटचा 'आमेन' ते एकाच स्वरावर संपवत नाहीत. तो सात वेळा येतो, दरवेळी मेळ बदलतो आणि अखेरच्या 'आमेन'पर्यंत श्वास रोखला जातो.

याच सुमारास उपासनेची घडी बदलत होती. क्वायरचे गीत 'तो' कसा आहे, त्याने काय केले याची साक्ष देते. नवे आराधनागीत थेट 'तू' म्हणते, शब्द थोडे असतात, ते पडद्यावर दिसतात आणि सर्वांनी एकत्र म्हणायचे असतात. ते म्हणवून घ्यायला पाच-सात जणांचा, प्रत्येकाच्या हाती माइक असलेला 'प्रेज टीम' पुरतो. क्वायर उभा करायला मात्र माणसे, तालमी आणि वर्षे लागतात. म्हणून अनेक चर्चमध्ये क्वायरची बाके रिकामी झाली. गाणे सर्वांच्या तोंडी आले ही जमेची बाजू, पण तीन भागांत उभे राहायला शिकवणारी शाळा त्यात हरवली, आणि हा तोटा मोठा आहे. दोन्ही प्रवाह जोडण्याचे प्रयत्नही झाले. ब्रुकलिनच्या हेझेकाया वॉकर यांचे 'एव्हरी प्रेज' (२०१३) क्वायरचे असूनही कुणालाही पहिल्या फेरीत उचलता येते. अटलांटाच्या मॅव्हरिक सिटी म्युझिक या २०१८ पासूनच्या समूहात गायक गोल करून बसतात आणि आराधनागीताचा व्हॅम्प करतात.

इतरत्र

ब्रिटनमध्ये १९८२ पासून लंडन कम्युनिटी गॉस्पेल क्वायर, नॉर्वेत १९८८ पासून ओस्लो गॉस्पेल क्वायर गातो. २००२ मध्ये स्थापन झालेल्या सोवेटो गॉस्पेल क्वायरने झुलू आणि सोथो भाषांतील गाणी जगभर नेली. जपानमध्ये 'सिस्टर ॲक्ट २' (१९९३) या चित्रपटानंतर गॉस्पेलच्या शिकवण्या निघाल्या आणि तिथले बहुसंख्य गायक ख्रिस्ती नाहीत.

मराठी मंडळ्यांचे उपासना-संगीत स्वतंत्र वाटेने वाढले. नारायण वामन टिळक (१८६१–१९१९) यांनी ओवी, अभंग आणि भजनाच्या वळणावर ख्रिस्ती गीते रचली आणि ती आजही गायली जातात.

अमेरिकेत लहान चर्चनी एक जुना रिवाज जपला आहे. महिन्याचे रविवार वेगवेगळ्या वृंदांत वाटलेले असतात: एक ज्येष्ठांचा, एक पुरुषांचा, एक मुलांचा. पाचवा रविवार आला की सगळे मिळून एकच 'मास क्वायर' होतो. त्या दिवशी आजी आणि नात एकाच सोप्रानोच्या रांगेत उभ्या असतात आणि नातीला ओळ आठवली नाही तर ती आजीच्या तोंडाकडे पाहते.